संप नंतरचा, भाई आधीचे

गिरणगावातल्या ग्रुपांवर सध्या एक मजकूर फिरतोय: 'आधीचे डॉन तत्त्वाचे, फक्त सोनं आणायचे. दत्ता सामंतांच्या संपाने पोरं बेकार झाली आणि त्यांच्या हातात घोडा (पिस्तूल) आला. शेवटी एन्काउंटरने सगळं संपवलं.'

आधी तारखा बघा. गिरणी कामगारांचा संप सुरू झाला 18 जानेवारी 1982 ला. गँगस्टर मन्या सुर्वे वडाळ्यात पोलिसांच्या गोळ्यांनी मेला तो 11 जानेवारीला, आठवडाभर आधी. दाऊदचा भाऊ साबीर कासकरला प्रभादेवीच्या पेट्रोल पंपावर मारलं फेब्रुवारी 1981 मध्ये, तेव्हा गिरण्यांचे भोंगे रोज वाजत होते. संपात अडीच लाखांच्या आसपास कामगार होते. कुणी गावाला परतलं, कुणी वॉचमन झालं, कुणी भाजीची पाटी घेऊन बसलं. काही पोरं टोळ्यांत गेली, नाही कशाला म्हणा? पण टोळ्यांतल्या त्या पंटरांपायी अख्ख्या लालबाग-परळला गुंडांचं माहेर ठरवायचं, हे मला तरी सहन होत नाही.

गिरण्यांकडे टोळ्यांची नजर वळली ती जमिनीसाठी. 1991 च्या विकास नियंत्रण नियमावलीने ही जमीन विकायची वाट मोकळी केली. 1994 मध्ये खटाव मिलचे मालक सुनीत खटाव यांना महालक्ष्मीजवळ भर रस्त्यात गोळ्या घातल्या. हे संपानंतर बारा वर्षांनी.

आता तत्त्वाचं. त्या आधीच्या डॉनांपैकी वरदराजन मुदलियारचा पैसा दारूबंदीच्या काळातल्या हातभट्टीचा होता, सोन्याचा नव्हे. दुसरा डॉन करीम लाला, त्याचे पठाण व्याजाची वसुली कशी करत, ते जुन्या डोंगरीकरांना विचारा. आणि तस्करीने कुणाचं काय बिघडलं म्हणता? माल उतरवायच्या चोरवाटा आणि हप्ता खाऊन डोळे मिटणारे अधिकारी, ही सगळी तस्करीची कमाई. 1993 च्या सुरुवातीला रायगडच्या दिघी आणि शेखाडीला शस्त्रं नि आरडीएक्स उतरलं ते त्याच जोरावर. 12 मार्चला मुंबईतल्या बॉम्बस्फोटांत 257 माणसं गेली. पुढे कस्टम्सचे अधिकारीही दोषी ठरले.

राहिलं एन्काउंटर. गुंड म्हणून मारलेल्या लखनभैयाची 2006 ची 'चकमक' बनावट निघाली आणि 2013 मध्ये सत्र न्यायालयाने 13 पोलिसांना जन्मठेप दिली. एन्काउंटरच्या फुशारक्यांत दोन गोष्टींचं नाव कुणी घेत नाही. 1990 मध्ये सुवर्ण नियंत्रण कायदा रद्द झाला, मग सोन्याची आयात खुली होत गेली आणि तस्करीतली मलई आटली. 1999 मध्ये मोक्का, म्हणजे संघटित गुन्हेगारीविरुद्धचा कडक कायदा, आला, आणि भाईंच्या पोरांना जामीन मिळेनासा झाला.