दादांच्या नावावर फिरणारा तो फॉरवर्ड

दादा कोंडकेंनी १९७१ ला सोंगाड्या हा पहिला पिक्चर केला आणि मराठीत डबल मीनिंग आणलं, असा मेसेज फिरतोय, तर तो अर्धाच खरा. पहिला पिक्चर भालजी पेंढारकरांचा तांबडी माती, १९६९ चा. सोंगाड्या निर्माता म्हणून पहिला. आणि चावटपणा म्हणाल तर तो तमाशातलाच आहे हो, बाजाराला निघालेल्या गवळणींची वाट कृष्ण-पेंद्या अडवतात तेव्हा लुगडं नेसलेला मावशीबुवा जी उत्तरं फेकतो ना, सेन्सॉरला घामच फुटेल! दादा आधी विच्छा माझी पुरी करा हे तमाशाच्या ढंगाचं लोकनाट्य करायचे, ते वसंत सबनिसांचं, सोंगाड्याही त्यांनीच लिहिला. हाफ पँटची ती लोंबती नाडी मात्र दादांचीच, ती कोण सोडवतंय.