संगम माहुलीच्या समाध्या आणि तो फिरता मजकूर

साताऱ्याजवळच्या संगम माहुलीबद्दल एक मजकूर व्हॉट्सॲपवर अधूनमधून फिरत असतो. सोबत गवतात बुडालेल्या चौथऱ्याचा फोटो. मजकुराचा गाभा असा: ‘ही सर्व छत्रपतींची दफनभूमी. इंग्रजांनी ती फोडली आणि टिंगल म्हणून कुत्र्याची समाधी घुसवली. आता हे पडके अवशेष काढा आणि भव्य संगमरवरी स्मारक बांधा.’ लिहिणाऱ्याची चीड खरी आहे, पण वाक्यागणिक गडबड आहे. शेवटची मागणी मान्य झाली, तर उरलंसुरलंही जायचं.

आधी ‘दफनभूमी’. पुरतात ते संन्याशांना, लिंगायतांना. भोसले घराण्यात दहन होतं. थोरले शाहू महाराज १५ डिसेंबर १७४९ रोजी गेले, कृष्णा-वेण्णेच्या या संगमावर त्यांना अग्नी दिला आणि राणी सकवारबाई सती गेल्या. (मजकुरात त्या ‘हसतमुखाने’ गेल्या. नानासाहेब पेशव्यांनी माहेरच्या माणसांकरवी दबाव आणून हे घडवलं, असं मराठ्यांचा इतिहास लिहिणारा ग्रँट डफ सांगतो. त्याचा शब्द न् शब्द प्रमाण मानू नका हवं तर, पण ‘हसतमुखाने’ला तरी आधार काय?) दहनाच्या जागी चौथरा बांधायचा, वर पिंडी, पादुका किंवा वृंदावन ठेवायचं, ही आपली रीत. तेव्हा ‘खाली काय आहे ते खणून बघा’ म्हणणाऱ्यांनी कुदळ घरीच ठेवावी.

‘सर्व छत्रपती’ हेही खरं नाही. शिवछत्रपतींची समाधी रायगडावर, संभाजी महाराजांची भीमाकाठी, राजाराम महाराजांची सिंहगडावर. प्रतापसिंह महाराजांना इंग्रजांनी १८३९ मध्ये पदावरून काढून काशीला धाडलं. १८४७ मध्ये ते तिकडेच वारले. माहुलीचं महत्त्व आलं ते शाहूंनी साताऱ्यात गादी स्थिर केल्यावर. मजकूर लिहिणाऱ्याला छत्रपतींची यादी फुगवायची घाई झाली आणि खरी मोठी माणसं राहूनच गेली. पती गेल्यावर औरंगजेबाशी झुंज चालू ठेवणाऱ्या महाराणी ताराबाई, ज्या डिसेंबर १७६१ मध्ये, म्हणजे पानिपतही बघून, साताऱ्यात गेल्या, त्यांची समाधी इथे आहे. रायगड पडल्यावर मोगलांच्या कैदेत गेलेल्या आणि १७१९ मध्ये बाळाजी विश्वनाथाबरोबर परत आलेल्या येसूबाईंची समाधीही माहुलीचीच. मजकुरात दोघींचा उल्लेखही नाही!

कुत्र्याचं म्हणाल तर तो इंग्रजांनी घुसवलेला नाही. शिकारीत वाघापासून जीव वाचवणाऱ्या कुत्र्यावर शाहूंची माया होती. त्यांनी त्याला भर दरबारात जरीचे कपडे घातले, स्वतःची पगडी त्याच्या डोक्यावर ठेवली, जहागीर आणि पालखीचा मान दिला, असं डफने १८२६ च्या इतिहासात नोंदवलंय. तो साताऱ्यात रेसिडेंट, म्हणजे दरबारात नेमलेला इंग्रजांचा प्रतिनिधी होता, त्याच्या कानावर आलेल्या या गोष्टी. त्यात तिखटमीठ असेलही. पण सातारकर या कुत्र्याचं, खंड्याचं, नाव आजही प्रेमाने घेतात. रायगडावरच्या वाघ्या कुत्र्याच्या स्मारकाचा वाद वेगळा, तो इथे ओढू नका.

राहिला मुख्य आरोप, इंग्रजांनी समाध्या फोडल्याचा. १८४८ मध्ये त्यांनी राज्य खालसा केलं, ते पाप त्यांच्या माथी आहेच. पण माहुलीच्या चौथऱ्यांचा वैरी शोधायला लंडनला जायला नको, तो शेजारून वाहतोय. समाध्या नदीच्या अगदी लगत, काही तर पात्रातच. पूर आला की गाळ आणि वाळू चढते, ओसरताना सांध्यांतला चुना धुऊन नेते. मोकळ्या झालेल्या सांध्यात पिंपळाचं बी पडतं. पहिल्या वर्षी दोऱ्याएवढं मूळ, चिमटीत उपटता येईल असं. तेव्हा कोणी उपटत नाही. ते मनगटाएवढं झालं की घडीव दगड जागचा सरकतो, आणि मग पुढच्या पुराला वेगळं काही करावं लागत नाही. शिवाय हे स्मशान चालतं आहे. साताऱ्याची कैलास स्मशानभूमी याच माहुलीत. राख, हार, मडकी, प्लास्टिक हे सगळं आपलंच.

आता ते संगमरवरी स्मारक. पात्रालगत नवं बांधकाम म्हणजे पुढच्या पुराला आमंत्रण. सिमेंट त्याहून वाईट. चुन्याच्या सांध्यातून दगडातली ओल बाहेर पडते. सिमेंटने सांधा बंद केला की ओल आत कोंडते, क्षार फुगतात आणि दगडाचे पापुद्रे सुटू लागतात. तैलरंग फासला की तेच. करायचं काम दिसायला किरकोळ आहे: पावसाळ्यानंतर गाळ हाताने काढणं, रोप कोवळं असताना उपटणं, सांधे घाण्यात मळलेल्या चुन्याने भरणं, आणि दगड हलवायची वेळ आलीच तर आधी त्यावर क्रमांक घालून फोटो काढणं. यातलं गाळ-झुडपांचं काम गावकरीही करू शकतात. दगडाला हात लावायचा तर राज्य पुरातत्त्व विभागाला आधी विचारायचं.