आमचा धोंडू, त्यांचे धोंडोपंत

नाटक-सिनेमात एखादं पात्र बावळट आहे हे दाखवायला फार कष्ट पडत नाहीत. त्याचं नाव धोंडू ठेवलं की निम्मं काम झालं. मग तो गडी असतो, शिपाई असतो, नाहीतर गावाकडून नुकताच आलेला भाचा असतो. एका हिंदी सिनेमातल्या संवादापासून तर हे नाव मिममध्ये जाऊन बसलंय. ज्यांना मराठीचा गंध नाही तेही एकमेकांना धोंडू म्हणतात. परवा नात्यातल्या एका बारशाआधी व्हॉट्सॲप ग्रुपवर नावं सुचवणं चाललं होतं. रियांश, कियान, अद्वय अशी रांग लागली होती. मध्येच एकानं 'धोंडोपंत' टाकलं आणि हसऱ्या चेहऱ्यांचा पाऊस पडला. तिथे भाषण ठोकणं बरं दिसलं नसतं, म्हणून इथे लिहितोय. लांबलंय, सवडीनं वाचा.

माझं म्हणणं सरळ आहे. मराठीत पुरुषांची जेवढी नावं आहेत, त्यांत इतक्या धाकधुकीनं आणि इतक्या मायेनं ठेवलेलं दुसरं नाव सापडणं कठीण.

ज्या बाईची दोन-तीन लेकरं पाठोपाठ गेली, तिला पुढच्याचं नाव राजा किंवा सोन्या ठेवायची भीती वाटायची. चांगल्या वस्तूवर सगळ्यांचीच नजर जाते, शेजारणीची जाते आणि सटवीचीही. मग युक्त्या निघाल्या. पोर सुपात घालून उकिरड्यावर ठेवायचं आणि दुसरीनं ते 'सापडलं' म्हणून उचलून आणायचं. मूठभर धान्य देऊन स्वतःचंच मूल शेजारणीकडून 'विकत' घ्यायचं. मुलाचं नाक टोचून मुलगी असल्याचं भासवायचं, तो नथू. केरातून उचललेला केरू नाहीतर केरबा. त्याचाच भाऊ कचरू. भिक्षेत मिळाल्यासारखा भिकू, भिकाजी. आणि ज्याच्याकडे यमानं ढुंकूनही पाहू नये, तो दगडू किंवा धोंडू. वाटेतला धोंडा कोण कशाला उचलून नेईल? शिवाय धोंड्याला मरण नसतं, हाही हिशेब असणारच.

हे फक्त आपल्याकडचं आहे असं वाटत असेल तर जरा दक्षिणेकडे बघा. तमिळमध्ये पिच्चै म्हणजे भिक्षा. ते नाव आज जगातल्या एका मोठ्या कंपनीच्या प्रमुखाच्या नावात आहे आणि कुणी त्याला हसत नाही. तो आपल्या भिकाजीचा सख्खा भाऊ. कुप्पुसामीतला कुप्पै म्हणजे केरकचरा, म्हणजे आपला केरबा. तेलुगूतला पेंटय्या थेट उकिरड्यावरचा.

याला अंधश्रद्धा म्हणून मोकळं होता येतं. मी स्वतः नवससायास मानत नाही. तुकोबांनी 'नवसें कन्या पुत्र होती, तरी का करणें लागे पती' म्हणून तो विषय कधीच निकालात काढलाय. पण विसाव्या शतकाच्या सुरुवातीला या देशात जन्मलेल्या दर हजार मुलांपैकी दोनशेच्या आसपास मुलं पहिला वाढदिवस बघत नव्हती. देवी, गोवर, धनुर्वात, हगवण. त्यात १८९६ साली मुंबईत प्लेग उतरला. धनुर्वाताची लस नव्हती, सलाईन नव्हतं, साखर-मिठाच्या पाण्यानं हगवणीतलं पोर वाचतं हेही घरोघरी ठाऊक नव्हतं. ज्या आईच्या हातात औषध नाही, तिनं निदान नावाची तरी आडकाठी घातली. तिला हसायचं असेल तर आधी तिच्या जागी उभं राहावं लागेल, आणि ते मला तरी जमत नाही.

आता लगेच कुणी म्हणेल की प्रत्येक धोंडूच्या आधी भावंडं गेलेली असायचीच का? नाही. नातवाला आजोबांचं नाव ठेवायची चाल होती, त्यामुळे एकदा घरात आलेला धोंडो पिढीआड परत यायचा. अधिक महिन्याला आपण धोंड्याचा महिना म्हणतो. ३२-३३ महिन्यांनी येणाऱ्या या महिन्यात जावयाला ३३ अनारशांचं वाण देतात, पुरणाचे धोंडे करून जेवू घालतात. त्या महिन्यात जन्मलेल्या मुलाला धोंडू म्हणणंही ओघानंच आलं. गावाबाहेर झाडाखाली शेंदूर फासलेला, नाक-डोळे नसलेला जो देव असतो, तोही धोंडाच. म्हणजे ज्याच्याकडे कुणी बघू नये तो धोंडा आणि ज्याच्यापुढे अख्खं गाव नारळ फोडतं तोही धोंडा. नाव ठेवणाऱ्याच्या मनात यातला कुठला असेल, की दोन्ही असतील, कुणी सांगावं!

पाऊस लांबला की 'धोंडी धोंडी पाणी दे' म्हणत एखाद्या पोराला कडुलिंबाचा पाला गुंडाळून घरोघरी फिरवतात, बेडूक बरोबर असतो, आणि बायाबापड्या त्याच्यावर तांब्याभर पाणी ओततात. तिथे धोंडी म्हणजे पाऊस मागणारा. गोव्यात शिरगावच्या लईराईच्या जत्रेत व्रत पाळून, हातात वेताची काठी घेऊन पेटत्या निखाऱ्यांवरून चालणाऱ्या भक्तांना धोंड म्हणतात. तिथे त्या शब्दाला कुणी फिदीफिदी हसून दाखवावं!

एक गंमत मात्र मला नेहमी खटकते. हल्ली पूर्वजांत एखादे धोंडोपंत निघाले की घरातलं कुणीतरी पुढे सरसावून सांगतं, 'अहो, ते मूळ ढुंढिराज बरं का. काशीतला गणपती.' काशीत ढुंढिराज गणेश आहे, त्यावरून धुंडिराज हे नाव आपल्याकडे चांगलं रुळलंय. दादासाहेब फाळके धुंडिराज गोविंद. बोलण्यात धुंडिराजचा धोंडिराज आणि धोंडिराजचा धोंडू झाला असणारच, काही घरांत तर नक्की. पण सगळेच धोंडू काशीहून आणायची ही जी धडपड आहे, तिच्यात मला लाज दिसते. पूर्वजाच्या नावात संस्कृत देव असला की बरं वाटतं. उकिरड्यावरून उचललेला पणजोबा चारचौघांत सांगायला अवघड जातो. माझं मत विचाराल तर मला तो उकिरड्यावरचाच जास्त जवळचा वाटतो.

लाजेचा विषय निघालाय तर हेही बोलू. धोंडा सगळ्यांचा एकच, पण त्याला शेपूट कुठलं लागायचं ते घराणं बघून. ब्राह्मणाघरी धोंडो, वय झालं की धोंडोपंत. शेतकऱ्याघरी धोंडिबा, धोंडीराम. त्याखालच्या उतरंडीत आयुष्यभर धोंड्या, नातवंडं झाली तरी धोंड्या. वाडगाभर भाकरी मागायला दारात आलेल्या म्हाताऱ्याला पाटलाचं दहा वर्षांचं पोर 'ए धोंड्या' म्हणून हाक मारू शकत होतं, आणि म्हातारा 'जी' म्हणत होता. आई सगळीकडे सारखीच घाबरलेली होती. नाव ठेवताना जात आडवी आली नाही, हाक मारताना आली. 'बलुतं' हे आत्मकथन लिहिणाऱ्या दलित लेखक दया पवारांचं पाळण्यातलं नाव दगडू होतं. पुण्याच्या ज्या गणपतीपुढे आज रांगा लागतात त्याला नाव देणारे हलवाईही दगडूच. एकाच्या दगडूला मागे शेठ लागलं, दुसऱ्याला आपल्यातल्या दगडूशी आयुष्यभर बोलत बसावं लागलं. यापलीकडे वेगळं समजावून सांगायची गरज नाही.

आणि हे नाव बावळटांचं, हा शोध कुणाचा? इतिहासातले धोंडू बघा. दुसऱ्या बाजीरावानं १८२७ साली दत्तक घेतलेला मुलगा म्हणजे नानासाहेब पेशवे, त्यांचं नाव धोंडोपंत. १८५७ नंतर इंग्रजांच्या कागदपत्रांत 'नाना धोंडू पंत' असंच येतं, आणि त्यांना पकडून देणाऱ्याला एक लाखाचं बक्षीस लागलं होतं. पकडता आलं नाही ते नाहीच. त्याच्या अर्धशतक आधी धोंडिया वाघ. मूळचा मराठा, कर्नाटकातल्या चन्नगिरीचा, आधी हैदरच्या फौजेत, मग टिपूच्या तुरुंगात. १७९९ च्या मे महिन्यात श्रीरंगपट्टण पडलं तसा सुटला, माणसं जमवली, स्वतःला राजा म्हणवून घेतलं आणि वर्षभर इंग्रजांना पळवलं. त्याचा पाठलाग करायला आर्थर वेलस्ली स्वतः आला, हाच पुढे वॉटर्लूवाला वेलिंग्टन. १० सप्टेंबर १८०० रोजी कोनगलला धोंडिया लढाईत पडला. त्याच्या सामानात त्याचा लहानगा मुलगा सापडला, त्याच्या पालनपोषणाची सोय वेलस्लीनं केली. या दोघांना बावळट म्हणायचं धाडस निदान इंग्रजांनी तरी केलं नाही.

पण मला सगळ्यांत भावणारा धोंडो कोकणातला. दापोलीजवळच्या मुरूडचा मुलगा, सतराव्या वर्षी परीक्षेसाठी घाट चढून साताऱ्याला चालत गेला आणि 'वयानं लहान दिसतोस' म्हणून परत पाठवला गेला. हे धोंडो केशव कर्वे. १८९३ साली त्यांनी विधवेशी लग्न केलं म्हणून गावानं वाळीत टाकलं. १९१६ साली त्यांनी महिला विद्यापीठ काढलं. १९५८ साली, वयाची शंभरी गाठली तेव्हा, भारतरत्न मिळालं. १०४ वर्षं जगले. मुलगा जगावा म्हणून धोंडो नाव ठेवण्याच्या प्रथेला याहून मोठी पावती कोण देणार? (त्यांचं नाव नेमकं त्याच कारणानं ठेवलं होतं असं मी म्हणत नाही. पण योगायोग मला फार आवडतो.)

त्यांचे थोरले चिरंजीव रघुनाथ. र. धों. कर्वे. १९२१ साली मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढणारे, १९२७ पासून 'समाजस्वास्थ्य' मासिक चालवणारे, अश्लीलतेच्या खटल्यांत उभे राहिलेले. १९३४ च्या खटल्यात त्यांची बाजू मांडायला डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे होते. नावात 'धों.' घेऊन हा माणूस लोकांना सांगत होता की मोजकी मुलं होऊ द्या आणि ती नीट वाढवा. तेव्हा लोकांना ते पटलं नाही, याचं एक कारण त्याच नावात होतं. चारातली दोन जाणार हे गृहीत धरलेल्या घराला दोनच मुलं पुरे कशी वाटतील?

इथवर वाचताना काहींना वाटलं असेल, की वा, काय मायाळू समाज होता आपला. थोडं थांबा. ही सगळी युक्ती मुख्यतः मुलग्यांसाठी होती. मुलीला वाईट नाव ठेवायचे तेव्हा बहुतेक वेळा ते खरंच तसं वाटायचं म्हणून. नकोशी, नकुसा. पाठोपाठ मुली झाल्या की शेवटचीला हे नाव, म्हणजे पुढचा मुलगा होईल. सातारा जिल्ह्यात ऑक्टोबर २०११ मध्ये जाहीर कार्यक्रम घेऊन अशा दोनशेहून जास्त मुलींची नावं बदलावी लागली. दोन हजार अकरा म्हणतोय मी, पेशवाईतलं सांगत नाही! धोंडू हे खोटं बोलणं होतं, हवाहवासा असून नको असल्याचं सोंग. नकोशीत सोंग नव्हतं. वर मुलीला गळ्यातली धोंड म्हणायचं ते वेगळंच. जयपूर-अत्रौली घराण्याच्या धोंडूताई कुलकर्णी (कोल्हापूर, १९२७) अशा मुलीलाही धोंडू म्हणणारी घरं होती, पण ती थोडी. कुणाला जुन्या नावांचं फारच प्रेम दाटून आलं असेल तर त्यानं हेही सोबत घेऊन यावं.

नाव आता संपत आलंय आणि त्याचं मला अजिबात वाईट वाटत नाही. २०२० च्या सरकारी पाहणीनुसार महाराष्ट्रात दर हजार जन्मांमागे १६ बालमृत्यू होतात. दोनशेवरून सोळा. देवीचा शेवटचा रुग्ण या देशात १९७५ साली सापडला. ज्या भीतीपोटी धोंडू जन्मायचा ती लसीनं, दवाखान्यानं, अंगणवाडीतल्या आणि आरोग्य केंद्रातल्या बायांनी बरीचशी पुसली. आज कुणी हौसेनं किंवा 'रेट्रो' म्हणून मुलाचं नाव धोंडू ठेवलं तर मला ते थोडं आचरटपणाचंच वाटेल. ते नाव ठेवायचं कारण उरलं नाही हे चांगलंच झालं. फक्त त्याचा विदूषक करू नका, एवढीच मागणी.

तसं ते पूर्ण गेलेलंही नाही. मराठीत बापाचं नाव मधे लागतं, त्यामुळे ते पुस्तकांच्या कपाटात अजून दिसतं. र. धों. कर्वे, ना. धों. ताम्हनकर, ना. धों. महानोर. पळसखेडचे महानोर २०२३ च्या ऑगस्टमध्ये गेले, म्हणजे परवापरवापर्यंत मराठीतल्या एका मोठ्या कवीच्या नावाच्या मधोमध एक धोंडो बसलेला होता. आपण ते 'नाधों' असं एका दमात म्हणून टाकतो, मधल्या माणसाकडे लक्षही जात नाही.

वंशावळीत जगलेलेच लिहितात, त्यातही मुलगे. अमुकला तीन मुलगे, त्यांची नावं, खाली रेघ. आधी गेलेल्यांचा उल्लेखच नाही. पण तिघांतला एक धोंडू असेल तर तिथे काहीतरी घडलेलं असण्याची शक्यता खूप. तुमच्या घरी वंशावळ असेल, त्र्यंबकेश्वरच्या उपाध्यांच्या वहीतली नावं उतरवून आणलेली असतील, तर जरा बघा. घरात नव्वदीची कुणी आजी असेल तर तिला विचारा, धोंडूच्या आधी कोण होतं? आणि कळलं तर खाली कॉमेंटमध्ये लिहा. ढुंढिराजवाल्यांनीही लिहावं, वाद घालायला मी आहेच.