मानीव दिनांकाच्या हार्दिक शुभेच्छा

सरकारी नियुक्तीचा आदेश मिळाला? अभिनंदन. आता रुजू अहवालात तारखेपुढे ‘म.पू.’, म्हणजे मध्यान्हपूर्व, लिहायला विसरू नका. तुमच्याच खोलीवर राहून तुमच्याच नोट्स वाचलेला मित्र जेवणानंतर रुजू झाला, तर तो ‘म.नं.’, मध्यान्हानंतरचा, ठरतो, म्हणजे ज्येष्ठतेत अर्ध्या दिवसाने धाकटा. सरळसेवेत गुणवत्तेचा क्रम पाहतात, मध्यान्ह नव्हे, हे खरं. पण भांडायला नियम कशाला लागतो?

पुढचं काम गोत्र ठरवण्याचं. इथे गोत्रं दोनच: सरळसेवा, म्हणजे परीक्षेतून थेट आलेले, आणि पदोन्नत, म्हणजे खालच्या पदावरून वर आलेले. सरळसेवेचे असाल तर ‘आम्ही परीक्षा देऊन आलोय’ हे वाक्य चहाच्या प्रत्येक कपाबरोबर घ्यावं. पदोन्नत असाल तर ‘तुम्ही शाळेत होता तेव्हा आम्ही साइटवर होतो’.

ज्येष्ठतासूची दर वर्षी १ जानेवारीच्या स्थितीनुसार निघायची असते. ‘असते’ या शब्दावर अनेकांची सेवा संपली आहे. चुकून निघालीच, तर आधी ‘तात्पुरती’ निघते. मी जिथे नोकरी केली तिथे सूचीची एकच प्रत आस्थापना शाखेच्या कपाटात असायची. बाकी पानं कोरी करकरीत, फक्त अकराव्या पानाचा कोपरा बोटांनी काळा पडलेला. त्या पानावर ४७ आणि ४८ हे अनुक्रमांक होते. दोघांची टेबलं शेजारी, पण एकमेकांशी बोलायचं ते आवक-जावक नोंदवून.

तुम्ही ४८ असाल तर ताबडतोब हरकत घ्या. तयारीला साहित्य भरपूर आहे. १९७७ साली पटवर्धन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की ज्येष्ठता कायम केल्याच्या तारखेवर टांगू नका. १९९० साली महाराष्ट्रातल्याच अभियंत्यांच्या खटल्यात पाच न्यायमूर्तींनी अकरा निष्कर्ष काढले. पहिल्याचा आशय असा की नेमणूक नियमानुसार झाली असेल तर त्या दिवसापासून ज्येष्ठता, तात्पुरत्या सोयीची नेमणूक धरायची नाही. दुसऱ्याचा असा की प्रक्रिया पुरती पाळली नसली, तरी सलग काम करून पुढे नियमित झालात तर आधीची सेवा धरायची. म्हणजे एकाच निकालाची झेरॉक्स दोन्ही पक्षकारांच्या बगलेत! या दोघांचा मेळ घालायला १९९३ साली आणखी एक निकाल द्यावा लागला. तो मात्र बगलेत ठेवू नका, वाद मिटण्याचा धोका आहे.

सरळसेवेवाल्यांनी २०१२ चा परमार निकाल वाचावा. रुजू उशिरा झालात तरी भरती ज्या वर्षीच्या रिक्त पदांची, ज्येष्ठता त्या वर्षाची. पदोन्नतांनी २०१९ चा मेघचंद्र सिंह निकाल वाचावा: संवर्गात जन्मच झाला नव्हता, तेव्हाची ज्येष्ठता कसली? या निकालाने परमार मोडीत काढला, पण परमारनुसार आधीच ठरलेल्या ज्येष्ठतेला हात लावला नाही. अशा वेळी कायद्याबद्दल आदर दाटून येतो.

मग मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, तिथून उच्च न्यायालय, तिथून दिल्ली. कुठेतरी ‘जैसे थे’ मिळेलच. तोवर वरचं पद रिकामं, आणि त्याचा अतिरिक्त कार्यभार सूचीत साठ जागा खाली असलेल्या, आजवर एकही हरकत न घेतलेल्या एका गरीब माणसाकडे. तुमच्या रजेच्या अर्जावर तोच सही करील. मुकाट्याने घ्या, तो ‘निव्वळ तात्पुरता’ आहे.

अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त व्हाल आणि कधीतरी घरी लिफाफा येईल. मानीव दिनांक, म्हणजे पदोन्नतीची कागदावर मागे नेलेली तारीख, मंजूर! नऊ वर्षांपूर्वीपासून तुम्ही साहेब होतात, फक्त तेव्हा कोणाला माहीत नव्हतं. काम केलं नसल्याने थकबाकी अनुज्ञेय नाही. आदेशाच्या तळाशी ‘न्यायालयीन निर्णयाच्या अधीन राहून’ असेल, कारण ४७ ने अपील केलेलं आहे.

नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यायला बँकेत जाल, तेव्हा तो रांगेत नेमका तुमच्या पुढे उभा दिसेल. तो किती वाजता आला, हे शिपायाकडून लेखी घ्या.