सही झाली म्हणजे परवानगी मिळाली असं नाही

मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. सतारमेकरांवर डॉक्युमेंटरी करायची असेल तर जरूर करा. पण पहिल्याच दिवशी, चहा यायच्या आत, इंग्रजी फॉर्मवर सही घेऊन मोकळे होऊ नका. पडद्यावर काय दिसणार हेच माहीत नसेल, तर माणूस परवानगी देणार कशाची?

जवारीचंच, म्हणजे तारेला येणाऱ्या घुमाऱ्याचंच बघा. तंबोऱ्याच्या घोडीचा, म्हणजे तारा टेकतात त्या पट्टीचा माथा कानसीनं केसभर घासायचा, तार चढवायची, खालचा दोरा सरकवत ऐकायचं, पुन्हा घासायचं. एवढ्यात कॅमेरावाला म्हणतो, "चाचा, लाईट नव्हता, परत एकदा." अहो, घासलेलं भरून येत नाही! दोन-तीन रीटेकमध्ये घोडी बाद, आणि भिडेखातर चाचा बोलणारही नाहीत. टाकाऊ घोडी मागून घ्या आणि हे कॅमेऱ्यासाठी करून दाखवलंय असं फिल्ममध्ये लिहा. रॉबर्ट फ्लाहर्टीनं १९२२ च्या 'नानूक' या डॉक्युमेंटरीसाठी आत उजेड यावा म्हणून अर्धाच इग्लू बांधून घेतला, प्रेक्षकांना सांगितलं नाही. त्याची बोलणी त्याला अजून खावी लागतायत.

कॉलर माईक तर बैठक उठली तरी चालूच असतो. उधारी, गिऱ्हाइकाला सांगितलेला भाव, घरातली कुरबुर, सगळं कार्डावर. बंद करायचं बटण आधी त्यांना दाखवा.

खरी परवानगी रफ कट, म्हणजे फिल्मची कच्ची जोडणी बघून मिळते. कॅनडातल्या फोगो बेटावर १९६७ मध्ये चित्रण आधी बेटावरच्यांना दाखवलं, मग बाहेर गेलं. स्पीकर बरा न्या. लॅपटॉपवर जवारी ऐकूच येत नाही, आणि ही माणसं कानानं बघतात. कारागीर आणि घरच्या बायका वेगवेगळ्या बसवा, नाहीतर थोरले बोलतात, बाकीचे माना डोलावतात. पडद्यावर टाइमकोड, म्हणजे मिनिट-सेकंदाचा आकडा ठेवा, म्हणजे "ते काढा" मधलं 'ते' नेमकं लिहून घेता येतं. एडिट लॉक व्हायच्या, म्हणजे जोडणी पक्की व्हायच्या तीन आठवडे आधी दाखवा. आदल्या दिवशी दाखवणं म्हणजे अक्षता पडल्यावर पसंती विचारणं.

बुडालेल्या दिवसाची मजुरी द्या. 'पैशानं खरेपणा जातो' म्हणणारे कॅमेरामनला फुकट राबवत नाहीत.

आणि फिल्म पेन ड्राइव्हवर द्या, नुसती लिंक नको. पेन ड्राइव्ह फॅट-३२ फॉरमॅटचा असेल तर त्यावर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसत नाही, एक्सफॅट फॉरमॅटचा बरेच जुने टीव्ही वाचत नाहीत. वीस-वीस मिनिटांचे तुकडे करा, त्यांच्याच टीव्हीला लावून बघा, मग मिरज सोडा.