‘सांगलीत बसून शूटर खेळता येत नाही’ म्हणे!

सांगली-मिरजेच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय. बारावीचे निकाल लागले, कुणाच्या घरी नवा कॉम्प्युटर आला, की हमखास येऊन पडतो. मजकूर थोडक्यात असा: ‘काउंटर-स्ट्राइक, व्हॅलोरंट असले शूटर मित्रांबरोबर खेळायचे तर १०० एमबीपीएसची लाईन पाहिजे. सर्व्हर सिंगापूरला असतात, त्यामुळं आपल्याकडं पिंग दोनशेच्या खाली येत नाही. लाखाच्या आतला पीसी चालत नाही. मित्रांना एका मॅचमध्ये घ्यायला कुणीतरी स्वतःचा सर्व्हर चालवून राउटरचे पोर्ट उघडावे लागतात. व्हीपीएन लावला की पिंग निम्मा होतो. तसंही २०२५च्या कायद्यानं ऑनलाइन गेम बंदच झालेत. खेळायचंच असेल तर पुण्यात रूम घ्या.’

शूटर म्हणजे गोळीबाराचे गेम, सर्व्हर म्हणजे ज्या कॉम्प्युटरवर मॅच चालते तो, आणि पिंग म्हणजे आपला संदेश तिथवर जाऊन परत यायला लागणारा वेळ, मिलिसेकंदांत. मेसेजातलं थोडं अर्धवट खरं आहे, बरंचसं साफ चूक आहे, आणि खेळ खरोखर जिथं अडतो त्याबद्दल एक अक्षर नाही. मग पोरं घरच्यांच्या मागं लागून प्लॅन वाढवून घेतात, आणि राउटर आपला तसाच हॉलमध्ये टीव्हीमागं, पोराच्या खोलीपासून दोन भिंती पलीकडं.

आधी ते १०० एमबीपीएस. शूटर गेमचं चित्र इंटरनेटवरून येतच नाही. भिंत, बंदूक, धूर, सगळं तुमच्याच मशीनमधलं ग्राफिक्स कार्ड रंगवतं. लाईनीवरून जातात ते नुसते आकडे: कोण कुठं उभा आहे, कुणीकडं बघतोय, गोळी कधी झाडली. त्याला सेकंदाला काही शे किलोबिट पुरतात. ज्या लाईनीवर घरात मोबाईलवर मालिका न अडखळता चालते, त्या लाईनीवर वेग कमी म्हणून गेम अडणार नाही.

वेग लागतो तो गेम उतरवून घेताना. काउंटर-स्ट्राइक २ साठी ८५ जीबी जागा मागतात. एवढं सगळं उतरवायचं धरलं तर ३० एमबीपीएसला सव्वासहा तास लागतील, १००ला दोनेक तास. म्हणजे महिन्याचे जादा पैसे भरायचे ते एका रात्रीपायी. त्यापेक्षा ज्याच्याकडं गेम आहे त्याच्याकडून फोल्डर हार्ड डिस्कवर घ्या, आपल्या स्टीमच्या (म्हणजे ज्या अ‍ॅपमधून गेम उतरवतात त्याच्या) फोल्डरात टाका आणि इन्स्टॉल दाबा. आहेत त्या फाइल तपासून स्टीम उरलेलंच उतरवतं. दोन पीसी एकाच घरच्या नेटवर्कवर असतील तर तेवढंही नको, एका पीसीवरून दुसऱ्यावर गेम थेट घ्यायची सोय स्टीमनं २०२३ मध्ये दिली आहे.

आता पिंग. मेसेजातला सगळ्यात मोठा घोळ इथं आहे.

सर्व्हर सिंगापूरला ‘असतात’ हे खरं, पण तिथंच असतात हे खोटं. व्हॅलोरंट २०२० मध्ये आला, त्याचे सर्व्हर मुंबईत आहेत. काउंटर-स्ट्राइकचे मुंबईत आहेत आणि चेन्नईतही. फायबरमधून प्रकाश सेकंदाला साधारण दोन लाख किलोमीटर जातो. सांगलीहून मुंबई रस्त्यानं पावणेचारशे किलोमीटरच्या आसपास. जाऊन-येऊन साडेसातशे धरले तरी प्रकाशाला चार मिलिसेकंद लागत नाहीत. वाटेत कंपनीची यंत्रं, वळसे, पुण्याचा थांबा, हे सगळं मिळवून विश्रामबागेत बऱ्या फायबरवर मुंबईचा पिंग पंधरा ते तीसच्या दरम्यान दिसतो. बरं, मेसेजवाल्याचं खरं मानून सिंगापूरच धरलं, तरी दोनशे कुठून आले? तिथवरचं अंतर सरळ रेषेत चार हजार किलोमीटरच्या आतच आहे. प्रकाशाला येण्याजाण्याचे चाळीसच्या आत, प्रत्यक्षात साठ-सत्तर, वाईट दिवशी नव्वद.

मग पोरांच्या स्क्रीनवर दोनशे दिसतात ते काय? ते दिसतात, यात खोटं काही नाही. पण ते दोनशे बहुतेक वेळा समुद्रापलीकडं नसतात, घरातच असतात.

तपासायला पैसे लागत नाहीत. विंडोजमध्ये कमांड प्रॉम्प्ट उघडा आणि आधी आपल्या राउटरलाच पिंग मारा. त्याचा पत्ता बहुतेक घरांत १९२.१६८.१.१ असतो, नसेल तर राउटरच्या पोटावरच्या स्टिकरवर असतो. वायरनं जोडलेल्या पीसीवर एक मिलिसेकंदाच्या आत उत्तर यायला हवं. वायफायवर दोन, मग चार, मग एकदम ऐंशी, मग परत तीन असं नाचत असेल तर दोष हॉल ते खोली या वीस फुटांत आहे. इंटरनेट कंपनीला कितीही पैसे द्या, ते वीस फूट सुधारत नाहीत. अपार्टमेंटमध्ये २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यावर शेजारपाजारचे सगळे राउटर एकमेकांत बोलत असतात. मायक्रोवेव्ह त्याच पट्ट्यात, ब्लूटूथ त्याच पट्ट्यात. ५ गिगाहर्ट्झ बरा, पण त्याला भिंत सोसत नाही, आणि जुन्या वाड्याची दीड फुटी भिंत तर अजिबात नाही. उपाय एकच, आणि तो कुणाला आवडत नाही कारण दिसायला बरा नसतो: दारावरून, कोपऱ्याकोपऱ्यानं लॅन केबल ओढायची. कॅट ५ई प्रकारची साधी केबल पुरते. आईला वायर दिसायला नको असेल तर पट्टी मारून घ्या.

व्हॅलोरंटचे सर्व्हर सेकंदाला १२८ वेळा खेळाचा हिशोब करतात, म्हणजे दर आठ मिलिसेकंदांच्या आत एकदा. तिथं स्थिर चाळीस चालतात. पंधरावरून अचानक शंभर आणि परत पंधरा, हे चालत नाही. कोपऱ्यातून बाहेर आलेला गडी तुम्हाला दिसायच्या आत तुम्हाला मारून गेलेला असतो.

राउटरचा पिंग नीट आहे आणि बाहेरचा वाढतोय, असं झालं तर घरात कोण काय चढवतंय ते बघा. चढवतंय म्हणजे अपलोड. बहिणीच्या फोनवरून लग्नाचे फोटो क्लाउडवर जात असतात, आणि राउटर ती सगळी रांग स्वतःकडं साठवून ठेवतो. गळिताच्या हंगामात उसाच्या ट्रॉलीमागं मोटारसायकल अडकावी तसं तुमचं इवलंसं पॅकेट त्या रांगेच्या शेपटीला उभं राहतं. खेळायच्या तासाभरात बॅकअप थांबवला की हे जातं. राउटरमध्ये क्यूओएस, म्हणजे कुणाला किती वेग द्यायचा ते ठरवायची सोय, असेल तर अपलोडला थोडा लगाम घाला. कंपनीनं फुकट दिलेल्या राउटरांत ते बहुधा नसतं किंवा नावालाच असतं.

आणखी एक जागा आहे, गेममधलीच. काउंटर-स्ट्राइक २ च्या सेटिंगमध्ये जास्तीत जास्त किती पिंगची मॅच चालेल ते ठरवता येतं. तो आकडा मोठा ठेवला की रात्री उशिरा, भारतात खेळाडू कमी असताना, तुम्हाला उचलून परदेशातल्या सर्व्हरवर टाकलं जातं आणि मग सांगलीच्या नेटला शिव्या बसतात. आकडा कमी करा. मॅच मिळायला जास्त वेळ लागेल, पण मिळेल ती जवळची. व्हॅलोरंटमध्ये तर लॉबीतच सर्व्हर निवडता येतो.

सांगलीची म्हणून एक अडचण खरोखर आहे, आणि मेसेजात तीच नाही: लाईट. वळवाच्या पावसात लाईट जाते, इन्व्हर्टरवर ट्यूब-पंखा चालतो, राउटर मात्र त्या जोडणीवर नसतो. लॅपटॉप चालू, नेट बंद. रँकची मॅच अर्ध्यात सुटली की काही काळ खेळायला बंदी, वर चार मित्रांचं बोलणं. राउटर आणि फायबरचा डबा यांच्यासाठी १२ व्होल्टचा छोटा यूपीएस मिळतो, तो घ्या. खांबांवरून लोंबणारी फायबर जोराच्या वाऱ्यात तुटते त्याला मात्र इलाज नाही, केबलवाल्याला फोन करायचा आणि वाट बघायची.

‘लाखाच्या आतला पीसी चालत नाही.’ व्हॅलोरंटची किमान मागणी इंटेल एचडी ४००० आणि ४ जीबी रॅम. एचडी ४००० म्हणजे २०१२ सालच्या प्रोसेसरमध्ये आलेलं ग्राफिक्स! एवढ्यावर सेकंदाला ३० फ्रेम, म्हणजे ३० चित्रं, मिळतात, मजा येत नाही, पण खेळ चालतो. काउंटर-स्ट्राइक २ जड आहे: ८ जीबी रॅम आणि डायरेक्टएक्स ११ चालवणारं ग्राफिक्स कार्ड लागतं. आधीची काउंटर-स्ट्राइक ग्लोबल ऑफेन्सिव्ह (सीएस:जीओ) ज्या लॅपटॉपवर पळायची तिथं ही पळेलच असं नाही. तरी ऑफिसातून निघालेला जुना आय५ प्रोसेसरचा पीसी, त्यात वापरलेलं जीटीएक्स १६५० ग्राफिक्स कार्ड टाकलं, तर लाखाच्या जवळपासही खर्च जात नाही. जुना पीसी घेताना एवढंच पाहा: विंडोज ११ वर व्हॅलोरंटला टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट, ही मदरबोर्डमधली सुरक्षेची सोय, दोन्ही लागतं. दुकानदारानं जुन्या मदरबोर्डवर कसंबसं ११ बसवून दिलं असेल तर गेम सुरूच होणार नाही.

सर्व्हर आणि पोर्टांचं वाक्य लिहिणाऱ्याचं वय सांगून जातं. सायबर कॅफेत जुनी काउंटर-स्ट्राइक १.६ खेळलेल्या पिढीतला असणार. तेव्हा एकजण गेम उघडायचा, बाकीचे लॅनवरून, म्हणजे कॅफेतल्याच नेटवर्कवरून, त्याच्यात घुसायचे, डस्ट टू या नकाशावर आरडाओरडा. तोच प्रकार इंटरनेटवरून करायचा तर आजही राउटरमध्ये २७०१५ नंबरचा पोर्ट, म्हणजे बाहेरून आत यायचं दार, उघडावा लागतो, आणि तिथं मेसेज बरोबर आहे. उलट त्यानं अडचण कमीच सांगितली. आपल्याकडच्या बऱ्याच कंपन्या शेकडो घरांना मिळून एकच बाहेरचा पत्ता देतात. राउटरमध्ये वॅन आयपी, म्हणजे कंपनीनं दिलेला पत्ता, १००.६४ ते १००.१२७ यांच्या दरम्यान सुरू होत असेल तर तुम्ही त्यातलेच. मग पोर्ट उघडा नाहीतर उघडू नका, बाहेरचा माणूस आत येऊ शकत नाही. जुना गेम गड्यांबरोबर खेळायचाच असेल तर रॅडमिन व्हीपीएन, झिरोटिअर किंवा टेलस्केल असलं लांबचे पीसी एका नेटवर्कात जोडणारं सॉफ्टवेअर सगळ्यांनी टाकायचं, म्हणजे तासगाव, कुपवाड आणि हिंजवडी एकाच लॅनवर आल्यासारखे होतात.

पण आजच्या गेमांना यातलं काहीच लागत नाही. सर्व्हर कंपनीचा असतो, सगळे आतून बाहेर त्याच्याकडं जातात. तुम्ही लॉबी उघडायची, मित्रानं इन्व्हाइट स्वीकारायचं, एकानं स्टार्ट दाबायचं. व्हॅलोरंटमध्ये पार्टीचा कोड व्हॉट्सअ‍ॅपवर टाकला तरी भागतं. खरे खोळंबे वेगळेच असतात. स्टीमच्या कोऱ्या खात्यावरून, त्यावर ५ डॉलर खर्च झालेले नसतील तर, फ्रेंड रिक्वेस्ट पाठवता येत नाही. ‘मला अ‍ॅड होत नाहीये’ म्हणून कुपवाडचा गडी बसून राहतो. त्याला म्हणावं तू पाठवू नकोस, तुला आलेली स्वीकार. व्हॅलोरंटच्या रँक मॅचमध्ये चौघांची पार्टी चालत नाही: दोघे, तिघे नाहीतर पूर्ण पाच. चौघेच जमले तर पाचवा शोधा किंवा बिनरँकची खेळा. आणि अमेरिकेतल्या चुलतभावाचं खातं तिकडच्या विभागातलं असेल, तर व्हॅलोरंटमध्ये त्याच्याशी पार्टी होणारच नाही. काउंटर-स्ट्राइकमध्ये होईल, पिंगचा भार कुणीतरी सोसायचा.

मेसेजातला व्हीपीएन म्हणजे आपला डेटा दुसऱ्याच एका सर्व्हरवरून फिरवून नेणं. त्यानं अंतर कमी होत नाही, हे शेंबडं पोरही सांगेल. मधे आणखी एक थांबा वाढतो, म्हणजे पिंग बहुधा वाढतोच. अपवाद एकच: तुमची कंपनी मुंबईचा माल भलत्याच वाटेनं नेत असेल तर व्हीपीएनची वाट जवळची पडू शकते. डेटा कुठून कुठून जातो ते दाखवणारी ट्रेसर्ट (tracert) कमांड चालवून आधी बघा. वळसा नसेल तर त्या पैशांचं भडंग खा.

कायद्याचं म्हणाल तर २२ ऑगस्ट २०२५ रोजी राष्ट्रपतींची मंजुरी मिळालेला ऑनलाइन गेमिंगचा कायदा बंदी घालतो ती पैसे लावून, पैसे जिंकायच्या आशेनं खेळायच्या गेमांवर. ई-स्पोर्ट्सला तोच कायदा मान्यता देतो. लोकांच्या डोक्यात २ सप्टेंबर २०२०ची पबजीबंदी अजून बसलेली आहे. तीही मोबाईलवरच्या आवृत्तीवर होती. पीसीवरचा पबजी तेव्हाही स्टीमवर चालूच होता.

राहता राहिली पुण्यातली रूम. कर्वेनगरात एका फ्लॅटमध्ये आठ पोरं, एक राउटर, तो मालकाच्या खोलीत, आणि रात्री दहाला आठही जणांचे फोन वायफायवर. तिथून खेळणाऱ्या आमच्या गड्याचा पिंग रोज आमच्यापेक्षा जास्त असतो. सुट्टीला मिरजेत घरी आला की आधी वायर लावतो.