'ए' सिनेमातलं वास्तव आपोआप येत नाही

नागपुरातल्या सिनेमावेड्यांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर एक मजकूर फिरतोय: "'ए' प्रमाणपत्राच्या सिनेमाला तंत्र लागत नाही. कॅमेरा हातात घ्या, संगीत काढून टाका, प्रणयदृश्य खरोखर घडू द्या. वास्तव आपोआप येतं." लघुपट करणारी नवी मुलं यावर विश्वास ठेवतात, म्हणून हे उत्तर.

'ए' म्हणजे १८ वर्षांवरील प्रेक्षकांसाठी, एवढंच. ते हिंसेमुळे मिळतं, विषयामुळेही मिळतं. 'बँडिट क्वीन'मधली नग्नता सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली संपूर्ण चित्रपटाच्या संदर्भात तपासली. म्हणजे दृश्याचा अर्थ त्याच्या आधी-नंतर काय घडतं यावर ठरतो, आणि कथनतंत्र म्हणतात ते यालाच.

'खरोखर घडू द्या' हा सल्ला सगळ्यात घातक. असं दृश्य नाचासारखं बसवावं लागतं. कोणता हात कुठे, किती वेळ, कोणत्या वाक्यावर मान वळते, हे आधी लिहून ठरतं. दोघांची संमती लेखी हवी, आणि ती ऐनवेळी मागे घेण्याची मुभाही हवी. सेटवर मोजकीच माणसं, मॉनिटर झाकलेला, अंगावर त्वचेच्या रंगाची आवरणं. हे न करता 'उत्स्फूर्त' घेतलं, की नटाचा संकोच पडद्यावर उघड दिसतो. दुसऱ्या कोनातून घेताना चादर वेगळ्या जागी, हात वेगळ्या जागी. संकलकाला दोन शॉट जोडताच येत नाहीत. वास्तव हवं असेल तर नंतरची दोन मिनिटं लिहा: कोण आधी उठतं, कोण कपडे शोधतं, कोण बोलायचं टाळतं.

हातातला कॅमेरा? 'कोर्ट' (२०१४) बघा. आपल्या नागपूरचे वीरा साथीदार त्यात लोकशाहिराच्या भूमिकेत आहेत. कॅमेरा बहुतेक वेळ स्थिर, चौकट रुंद, आणि तरी ते न्यायालय खरं वाटतं. थरथरता कॅमेरा कुणाची नजर आहे हे ठरलेलं नसेल, तर प्रेक्षकाला फक्त कॅमेरामन जाणवतो. एक बारकावा: सेकंदाला २४ फ्रेम घेताना शटर (प्रत्येक फ्रेमवर किती वेळ प्रकाश पडतो ते यावर ठरतं) १८० अंशांवर ठेवलं, तर आपल्या ५० हर्ट्झच्या विजेवर जुन्या ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकू शकतं. १७२.८ अंश ठेवा, म्हणजे प्रत्येक फ्रेमला १/५० सेकंद प्रकाश मिळतो आणि तो विजेच्या लयीशी जुळतो.

संगीत काढल्याने तर काम वाढतं. मे महिन्यात नागपूरच्या खोलीत कूलर चालू ठेवून संवाद घेतले, की प्रत्येक कटला त्याची घरघर उडी मारते. टेकला कूलर बंद करा. मग त्याच खोलीत नुसता कूलर एक मिनिट आणि नुसती शांतता एक मिनिट वेगळी रेकॉर्ड करा. पुढे दोन्ही आवाज संवादाखाली सलग अंथरा. पडद्यावर कूलर दिसतोय आणि ऐकू येत नाही, ही चूक इथला प्रेक्षक पहिल्या शॉटलाच पकडतो.